काचेतून गळालेला उजेड

मृग तोंडावर आला की रस्त्याकडेच्या नाल्या उकरायची घाई होते आणि त्या घाईत आमच्या नेटच्या फायबर केबला तुटतात. गेल्या वर्षी अंबाजोगाई–लातूर रस्त्याला अशीच एक २४ फायबरची केबल जेसीबीच्या दातात आली, रात्री साडेनऊला फोन, आम्ही दोघं मशीन घेऊन पोचलो तोवर अकरा वाजत आले होते आणि ज्यांच्या बांधाला खड्डा पडला होता ते आबा मोठी बॅटरी घेऊन वाट बघत उभे. केबलचं तुटलेलं टोक त्यांनी उलटंपालटं करून बघून ठेवलेलं होतं. पहिला प्रश्न हाच की "तांबं हाय का ह्यात?" म्हणलं नाही आबा, काच हाय. तर म्हणाले, "काच? मग वाकायलीय कशी ही?"

प्रश्न एकदम बरोबर आहे. मी अकरा वर्षं झाली हेच काम करतोय, स्प्लायसिंगचं, म्हणजे तुटलेली काच परत जोडायचं, आणि एवढ्या वर्षांत इंजिनियर झालेल्या पोरांनी पण मला हे विचारलेलं नाही. त्या रात्री आबाला जेवढं सांगता आलं तेवढं सांगितलं, बाकीचं हात कामात होते म्हणून राहिलं, ते सगळं इथं लिहितो.

मला मुख्य सांगायचंय ते असं की फायबर म्हणलं की लोकांना फक्त नेट आठवतं. पण त्या काचेतून जाताना थोडा उजेड वाटेत गळतो, आम्ही त्याला लॉस म्हणतो आणि दिवसभर त्याच्या नावानं बोटं मोडतो, आणि त्याच गळतीवरून केबल कुठं तुटली ते कळतं, जमिनीत किती गरम आहे ते कळतं, जमीन हलली तर ते पण कळतं. एकाचा तोटा तोच दुसऱ्याचा कान. हे ज्या दिवशी मला समजलं त्या दिवसापासून ह्या कामाकडं बघायची माझी नजरच बदलली.

आधी आबाचा प्रश्न. अख्खा बांबू वाकत नाही, पण त्याच्या पातळ कामट्या काढल्या की त्याची टोपली विणता येते, तसंच काचेचं. खिडकीची काच ४–५ मिलीमीटर जाड, फायबरची काच १२५ मायक्रॉन, म्हणजे एक मिलीमीटरचा आठवा भाग, आपल्या केसापेक्षा थोडी जाड. एवढी पातळ झाली की ती वाकते. वर प्लास्टिकचा थर असतो म्हणून तिच्यावर चरा पडत नाही, आणि काच मोडते ती बहुतेक वेळा बारीक चऱ्यापासूनच. तो थर सोलून नुसतं बोट लावलं की तीच काच नाजूक होते, मग जरा वाकवली की तुटली. आणि ह्या १२५ मायक्रॉनमध्ये पण उजेड सगळीकडून जात नाही बरं का, मधोमध फक्त ९ मायक्रॉनचा गाभा असतो, आपलं सगळं बोलणं, व्हिडिओ, बँकेचे पैसे, सातबारा, सगळं त्या ९ मायक्रॉनमधून.

आता उजेड त्या गाभ्यातच का राहतो, भिंतीतून बाहेर का पडत नाही. ज्यांनी विहिरीत पोहणं शिकलंय त्यांनी हे बघितलेलं आहे, फक्त लक्ष दिलेलं नसेल. बुडी मारायची आणि खालून डोळे उघडून वर बघायचं. डोक्यावर एक गोल खिडकी असल्यासारखं दिसतं, तिच्यातून आभाळ दिसतं, काठावर उभी पोरं दिसतात, पण त्या गोलाच्या बाहेर तिरकं बघितलं की पाण्याचा वरचा पापुद्रा आरसा होऊन जातो, त्यात विहिरीच्या आतलंच दिसतं, बाहेरचं काही नाही. पाण्यातून हवेत जाणारा उजेड सरळ असेल तर बाहेर पडतो, पण उभ्या रेषेपासून साधारण ४९ अंशापेक्षा जास्त तिरका झाला की बाहेर पडतच नाही, पूर्णच्या पूर्ण आत परत फिरतो. आरशाला पारा लावावा लागतो तरी तो थोडा उजेड खातोच, हा पाण्याचा आरसा काहीच खात नाही. फायबरमध्ये गाभ्याची काच आणि भोवतालची काच ह्यात अगदी थोडाच फरक ठेवतात, गाभ्यात जर्मेनियम मिसळून, पण उजेड धाग्याच्या लांबीला धरून चाललेला असतो, म्हणजे भिंतीला अगदीच तिरका लागतो, त्यामुळं तेवढा फरक पुरतो. ९ मायक्रॉन इतकं बारीक झाल्यावर उजेड भिंतीवर आपटत आपटत जातो असं म्हणणं खरं तर पूर्ण बरोबर नाही, तिथं तो लाटेसारखा वागतो आणि एकाच ठराविक आकारात पुढं सरकतो, म्हणून त्याला सिंगल मोड म्हणतात, पण विहिरीचं चित्र डोक्यात ठेवलं तरी काम भागतं.

ही गोष्ट नवीन नाही. १८५४ साली जॉन टिंडलनं लंडनमध्ये पाण्याच्या वाकड्या धारेतून उजेड वळवून दाखवला होता, त्याच्याही आधी जिनिव्हात कोलाडोननं. पण काचेच्या धाग्यांच्या जुडीतून चित्र पाठवून दाखवलं ते आपल्या पंजाबातल्या मोग्याला जन्मलेल्या नरिंदर सिंग कपानींनी, लंडनच्या इंपीरियल कॉलेजात हॉपकिन्स नावाच्या आपल्या मार्गदर्शकाबरोबर, १९५४ साली. 'फायबर ऑप्टिक्स' हे नाव पण त्यांनीच रूढ केलं. २०२० मध्ये ते गेले आणि २०२१ मध्ये त्यांना मरणोत्तर पद्मविभूषण मिळालं. आमच्या लाईनीतल्या किती पोरांना हे नाव माहीत आहे, मोजून दोन-चार निघतील, आणि मला ह्याचं खरंच वाईट वाटतं.

कपानींच्या वेळी अडचण अशी होती की काच मळकी होती. मळकी म्हणजे दिसायला नाही, आतून. खिडकीची काच समोरून आरपार दिसते पण तिची कड बघा, हिरवी दिसते, तो लोखंडाचा अंश. दोन मीटर काचेतून बघायची वेळ आली तर पलीकडचं माणूस ओळखू येणार नाही. त्या काळच्या फायबरमध्ये २० मीटर गेलं की शंभरातला एकच भाग उजेड उरायचा. १९६६ साली चार्ल्स काओ आणि त्यांचे सहकारी हॉकम ह्यांनी हिशेब मांडून सांगितलं की दोष काचेचा नाही, काचेतल्या कचऱ्याचा आहे, काच शुद्ध करा, एक किलोमीटरनंतर शंभरातला एक भाग जरी उरला तरी टेलिफोनला पुरतो. १९७० मध्ये अमेरिकेतल्या कॉर्निंग कंपनीच्या तिघांनी, मॉरर, केक आणि शुल्ट्झ, ती पातळी ओलांडून दाखवली. आजच्या फायबरमध्ये तेवढा उजेड १०० किलोमीटरनंतर उरतो. परत वाचा, २० मीटर होतं त्याचं १०० किलोमीटर झालं. काओंना २००९ साली नोबेल मिळालं ते ह्यासाठी.

इतकी शुद्ध काच वाळू वितळवून होत नाही. सिलिकॉनचं एक रसायन वाफ करून ऑक्सिजनबरोबर जाळतात, त्यातून जी काजळीसारखी पांढरी भुकटी बसते ती तापवून तिचा काचेचा दांडा करतात, त्याला प्रीफॉर्म म्हणतात, मग तो दांडा उंच टॉवरच्या माथ्यावर साधारण २००० अंशाच्या भट्टीत धरतात आणि खालून धागा ओढत राहतात, उसाच्या काकवीची तार ओढल्यासारखा. आणि हे लांब कुठं नाही, संभाजीनगरला शेंद्र्यात प्रीफॉर्म होतो आणि वाळूजला त्याचा फायबर ओढला जातो, स्टरलाइट टेक्नॉलॉजीजच्या कारखान्यात. आपल्या मराठवाड्यातली काच देशोदेशी जमिनीखाली पुरलेली आहे. ह्या काचेचा सगळ्यात मोठा दुश्मन कोण तर पाणी. पाण्याचा नुसता अंश काचेत राहिला तरी तो १३८३ नॅनोमीटरच्या आसपासचा उजेड गिळतो (हे उजेडाच्या लाटेच्या लांबीचं माप, त्याच्यावरून उजेडाचा रंग ठरतो). पाण्यासाठी टँकरच्या मागं पळणाऱ्या मुलखात पाणी लागू न द्यायची एवढी काळजी घेऊन काच बनते हे मला कायम विशेष वाटत आलंय.

जोडायचं काम आता जवळून सांगतो, कारण आबा सगळ्यात जास्त तेच बघत बसले होते. केबलचं काळं कव्हर सोललं की आत रंगीत नळ्या, नळीत चिकट जेल, ते पुसून काढलं की रंगीत केस निघतात. निळा, नारंगी, हिरवा, तपकिरी, राखाडी, पांढरा, हा क्रम पाढ्यासारखा पाठ असतो. आधी एका बाजूला स्लीव्ह, म्हणजे जोडावर नंतर सरकवायची बारीक नळी, ओवून ठेवायची, ही विसरली की जोडलेलं तोडून परत सुरवातीपासून. मग स्ट्रिपरनं वरचा थर सोलायचा, स्पिरिटच्या टिशूनं पुसायचं, नीट पुसलं गेलं की बोटांना कुईं असा बारीक आवाज जाणवतो. मग क्लीव्हरमध्ये टाकून टोक छाटायचं, छाटायचं म्हणजे नुसता एक चरा पाडायचा आणि काच स्वतःहून सपाट मोडते. दोन्ही टोकं मशीनच्या खोबणीत ठेवून झाकण लावलं की स्क्रीनवर ती दोन खांबांसारखी मोठी दिसतात, मशीन आपसूक समोरासमोर आणतं, दोन सुयांमधून ठिणगी पडते, काच क्षणभर वितळते आणि एक होते. खाली आकडा येतो, ०.०२ डीबी, डीबी म्हणजे डेसिबल, लॉस मोजायचं आमचं माप. म्हणजे हजारातले पाच भाग पण वाया गेले नाहीत. वाऱ्यानं एक धुळीचा कण मधे आला तरी आकडा बिघडतो, म्हणून आम्ही खड्ड्यात ताडपत्री लावून, श्वास धरून बसतो. छाटलेले तुकडे मोजून डबीत टाकायचे, ते कातडीत घुसले की दिसत पण नाहीत आणि निघत पण नाहीत. आणि केबलच्या टोकात डोळा लावून "उजेड येतोय का" हे बघायचं नाही, तो उजेड इन्फ्रारेड असतो, दिसत नाही पण डोळ्याच्या पडद्याला इजा करू शकतो. आबानं तसं बघायला घेतलं होतं, मी हात धरला.

घरातल्या नेटबद्दल थोडक्यात, कारण हे लोक मला सारखं विचारतात. कंपनीच्या ठाण्यावरून एक फायबर निघतो, वाटेत स्प्लिटर नावाची डबी असते, तिच्यात उजेडाचे ८, १६, ३२ वाटे होतात, प्रत्येक घराला एक. त्या डबीला लाईट लागत नाही, नुसती काचच आहे ती, म्हणून भारनियमनात पण तुमच्या राऊटरला इन्व्हर्टर असला आणि ठाण्याला बॅटरी असली की नेट चालू राहतं. येणारा डेटा १४९० नॅनोमीटरवर, जाणारा १३१० वर, दोन्ही एकाच काचेतून एकाच वेळी, रंग वेगळे म्हणून धडक नाही. मोठ्या लाईनवर तर एकाच काचेत ८०–९० वेगवेगळे रंग सोडतात आणि प्रत्येक रंगावर सेकंदाला १०० अब्ज बिट किंवा त्याहून जास्त. घरच्या डबीवर लाल दिवा लागला, म्हणजे उजेडच येत नाहीये. कॉल करायच्या आधी एकदा वायर बघा, कपाटामागं दाबली गेलीय का, खिळ्याला घट्ट गुंडाळलीय का. साध्या फायबरला बांगडीएवढा गोल चालतो, करंगळीएवढा केला की उजेड भिंतीवर कमी तिरका पडतो आणि बाहेर पडायला लागतो, विहिरीतली ती गोल खिडकी उघडल्यासारखं.

आता गळतीकडं येतो, लिहायला बसलोय तेच मुळात ह्यासाठी.

काच कितीही शुद्ध केली तरी ती थंड होताना तिच्यात अतिशय बारीक दाट-विरळपणा राहतोच, तो काढता येत नाही. उजेड त्याच्यावरून जाताना थोडा थोडा चहूबाजूंना उडतो. आभाळ निळं दिसतं ते पण ह्याच कारणानं, हवेच्या रेणूंवरून निळा उजेड जास्त उडतो आणि लाल कमी, ह्याला रॅले विखुरणं म्हणतात. म्हणूनच लांबच्या फायबरमध्ये लालच्याही पलीकडचा, १५५० नॅनोमीटरचा उजेड वापरतात, तो लई कमी उडतो. तरी किलोमीटरला ०.२ डीबी जातोच जातो, म्हणजे १५ किलोमीटरला निम्मा. आणि उडालेल्यातला अगदी थोडा भाग उलट्या दिशेनं, जिथून आला तिकडं परत येतो.

ओटीडीआर म्हणून आमचं मशीन आहे, ते हाच परत आलेला उजेड मोजतं. एक छोटा झटका सोडायचा आणि कान लावून बसायचं. काचेत उजेडाचा वेग सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटर, म्हणजे एक किलोमीटर जाऊन परत यायला १० मायक्रोसेकंद. जेवढ्या उशिरा आला तेवढा लांबून आला, एवढंच गणित. स्क्रीनवर एक उतरती रेघ दिसते, जोड असेल तिथं छोटी पायरी, कनेक्टर असेल तिथं सुळका, आणि जिथं केबल तुटली तिथं रेघ धाडकन खाली. त्या रात्री ठाण्यावरच्या पोरानं फोनवर सांगितलं, "२३.४ किलोमीटर." रस्त्यानं मोजलं तर तेवढं होत नाही, कारण दर काही अंतरावर खड्ड्यात १०–१५ मीटर केबल गुंडाळून ठेवलेली असते, पुढं तुटलीच तर ओढून घ्यायला. तो हिशेब वजा करून आम्ही गाडी उभी केली आणि समोर आबाची बॅटरी दिसली. बांधावरून जाताना चिखलात पाय रुतत होते पण मन खूश होतं, २३ किलोमीटर लांबून, जमिनीखाली, एका केसाच्या टोकाचा पत्ता गळक्या उजेडानं सांगितला होता.

परत येणाऱ्या उजेडात अजून एक प्रकार आहे, लई थोडा, पण कामाचा. २८ फेब्रुवारी १९२८ ला कोलकात्यात सी. व्ही. रामन ह्यांनी दाखवलं की पदार्थावरून उडालेल्या उजेडातल्या अगदी थोड्याचा रंग बदलतो, कारण तो पदार्थातल्या थरथरणाऱ्या रेणूंना ऊर्जा देतो किंवा त्यांच्याकडून घेतो. १९३० चं नोबेल त्यालाच, आणि शाळेत आपण विज्ञान दिन करतो तो ह्याच तारखेला. आता विचार करा, रेणू जितके गरम तितके जास्त थरथरणार, आणि ऊर्जा घेऊन परतलेला उजेड तितका जास्त. म्हणजे परत आलेल्या दोन रंगांचं प्रमाण मोजलं की त्या जागेचं तापमान कळलं, आणि वेळेवरून जागा कळली. एक केबल टाकली की दर मीटर-दोन मीटरला एक थर्मामीटर, कित्येक किलोमीटर, आणि त्यात कुठंच वीज नाही, ठिणगी नाही. कोळशाच्या पट्ट्यावर, बोगद्यात, जमिनीखालच्या मोठ्या विजेच्या केबलला हे लावतात. मातीच्या धरणाच्या भरावात टाकलं तर पाझर कुठं लागलाय ते कळतं, कारण पाझराचं पाणी आसपासच्या मातीचं तापमान बदलतं. ज्याला कोणाला धरणाच्या खालच्या अंगाला राहायची वेळ आलीय त्याला ह्याची किंमत वेगळी सांगावी लागत नाही.

आणि आता हलणारी जमीन. फायबर शांत पडला असेल तर त्याच्यातून परत येणाऱ्या रॅले उजेडाचा एक नक्षीदार ठसा असतो, अंगठ्याच्या ठशासारखा, प्रत्येक वेळी तोच. मशीन सेकंदाला शेकडो, हजारो वेळा झटका सोडून तो ठसा परत परत बघतं. केबलवरून गाडी गेली, कोणी कुदळ मारली, जमीन थरथरली, की त्या जागची काच नॅनोमीटरच्या हिशेबात ताणली जाते आणि तेवढ्याच जागचा ठसा बदलतो. म्हणजे एक साधी केबल हजारो कानांची रांग झाली. आपल्या रेल्वेनं ईशान्येत 'गजराज' नावानं हेच वापरलंय, रुळाशेजारी पुरलेल्या फायबरवरून हत्तीची चाल ओळखायची आणि ड्रायव्हरला आधी सांगायचं. आबाला हे सांगितलं तर त्यांनी लगेच विचारलं, "मग रानडुक्कर कळंल का?" कळेल की. बांधाच्या कडेनं फायबर पुरला आणि टोकाला ते मशीन असलं तर रानडुकराचा कळप आणि माणूस ह्यांच्या चालीतला फरक काढता येतो. फक्त ते मशीन आज एका शेतकऱ्याच्या ऐपतीतलं नाही, केबल स्वस्त आहे, कान महाग आहेत.

माझ्या मनात मात्र ह्या कानांबद्दल पहिल्यांदा वाचताना दुसरंच आलं होतं. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे चार वाजायच्या आत. आमच्या घरात ती तारीख सांगावी लागत नाही. किल्लारी, सास्तूर, लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातली गावंच्या गावं, दहा हजारांच्या आसपास माणसं, गणपती विसर्जन करून झोपलेली. माती-दगडाच्या जाड भिंती अंगावर आल्या. आई त्या महिन्यात औशाला माहेरी होती, ती अजून रात्री भांडं पडलं तरी उठून दारात जाते.

म्हणून सरळ सांगतो, फायबर भूकंपाचं भाकीत करत नाही, कोणी तसं सांगत असेल तर विश्वास ठेवू नका. भूकंप सुरू झाल्यावर पहिली हलकी लाट पकडून लांबच्या शहराला काही सेकंद आधी सांगता येतं, एवढंच. किल्लारीचा भूकंप उथळ होता आणि थेट पायाखाली होता, तिथल्या गावांना ह्या यंत्रणेनं एक क्षण पण मिळाला नसता, तिथं जीव वाचले असते ते नीट बांधलेल्या भिंतींनी. मग उपयोग काय, तर छोट्या धक्क्यांचा नकाशा. २०२४ मध्ये मार्चमध्ये आणि परत जुलैमध्ये हिंगोली, नांदेड, परभणीला धक्के बसले, वसमत-औंढा भागातली माणसं जमिनीतून आवाज येतो म्हणून सांगतात. भूकंपमापक असतात पण लांब लांब, एका जिल्ह्यात एखादा. फायबर तर प्रत्येक तालुक्याला गेलेला आहे. जमिनीखाली नेमकं कुठं, किती खोल, कोणत्या दिशेनं सरकतंय हे बघायला हजारो कान असणं आणि एक कान असणं ह्यात किती फरक आहे. कॅलिफोर्नियात २०१९ च्या रिजक्रेस्ट भूकंपानंतर टेलिफोनच्या रिकाम्या पडलेल्या फायबरला हे मशीन लावून मागून येणारे बारीक धक्के नोंदवले, आइसलंडमध्ये ज्वालामुखीजवळ असंच केलं. आम्ही २४ फायबर जोडतो त्यातले कितीतरी अंधारेच असतात, वापरातच नसतात. त्यातला एक ह्या कामाला द्यायला काय हरकत आहे. डेटा प्रचंड येतो, तो साठवायला आणि वाचायला माणसं लागतील हे खरं, पण नांदेडला विद्यापीठ आहे, संभाजीनगरला आहे, पोरं आहेत. मला हे अगदी मनापासून व्हावं असं वाटतं.

उजेडानं लांबी मोजायच्या ह्या कल्पनेचं सगळ्यात मोठं टोक पण योगायोगानं आपल्याच अंगणात येतंय. औंढा नागनाथजवळ लायगो-इंडिया, आभाळात लांब कुठं मोठी उलथापालथ झाली की येणाऱ्या गुरुत्वीय लाटा पकडायची वेधशाळा. २०२३ मध्ये केंद्राच्या मंत्रिमंडळानं २६०० कोटी रुपये मंजूर केले. तिथं फायबर नाही, ४–४ किलोमीटरच्या दोन निर्वात नळ्या काटकोनात, त्यात लेसर जाऊन परत येणार आणि दोन्ही उजेड एकमेकांत मिसळणार. दोन्ही नळ्यांची लांबी थोडी जरी वेगळी झाली, थोडी म्हणजे प्रोटॉनच्या रुंदीच्या हजाराव्या भागापेक्षाही कमी, तरी मिसळलेला उजेड बदलतो. अमेरिकेतल्या अशाच दोन यंत्रांनी १४ सप्टेंबर २०१५ ला दोन कृष्णविवरं एकमेकांत मिसळल्याची लाट पकडली होती. नागनाथाच्या यात्रेला जाणाऱ्या माणसांना एकदा तरी कोणीतरी हे मराठीत समजावून सांगावं.

ऊर्जेचं सांगून संपवतो, ते तसं लोकांना जास्त माहीत आहे. सौर पंपाची पाटी म्हणजे फायबरच्या टोकाला असणाऱ्या रिसीव्हरचीच मोठी बहीण. दोन्हीकडं उजेडाचा कण येऊन इलेक्ट्रॉन सोडवतो, फक्त रिसीव्हर त्याला बातमी म्हणून वाचतो आणि पाटी त्याला वीज म्हणून वापरते. सिलिकॉनला एका मर्यादेपेक्षा जास्त ऊर्जेचाच कण चालतो, म्हणजे साधारण ११०० नॅनोमीटरच्या अलीकडचा, त्याच्या पलीकडचा उजेड वाया जातो आणि जास्त ऊर्जेच्या कणांतली वरची ऊर्जा उष्णता होते. म्हणून चांगली पाटी पण २०–२२ टक्क्यांच्या आसपास. आणि एक गैरसमज, गरमी जास्त म्हणजे वीज जास्त असं नाही. उजेड पाहिजे, उष्णता नको. पाटी २५ अंशाला मोजलेली असते, मे महिन्यात आपल्याकडं ती ६५ अंशाला जाते, दर अंशाला ०.३५ टक्के धरले तर ४० अंशाला १४ टक्के गेले. त्यामुळं पाटीच्या मागून वारा खेळायला जागा सोडा, पत्र्याला चिकटवून बसवू नका, आणि धूळ सकाळी लवकर धुवा, दुपारी तापलेल्या काचेवर गार पाणी मारू नका.

वीज आणि फायबरचं अजून एक नातं डोक्यावरूनच जातं. परळीच्या बाजूनं मोठे टॉवर गेलेले दिसतात ना, अशा लाईनवर सगळ्यात वरची जी एकटी बारीक तार असते ती विजेसाठी नसून कडाडणारी वीज झेलायला असते, आणि आता पुष्कळ ठिकाणी त्या तारेच्या पोटातच फायबर असतात. काचेला वीज लागत नाही, त्यामुळं लाखो व्होल्टच्या शेजारून पण बातमी शांतपणे जाते. मोठ्या ट्रान्सफॉर्मरच्या वेटोळ्यांत तापमान बघायला पण फायबरच घालतात, तिथं धातूची तार घालणं म्हणजे मरणाला आमंत्रण.

तर त्या रात्री. चोवीस जोड संपायला पहाटेचे साडेतीन झाले. आबा मधे घरी जाऊन चहाची किटली घेऊन आले आणि परत बसले, शेवटच्या जोडाला मी मशीनचं झाकण त्यांच्याच हातानं लावून घेतलं आणि ठिणगी त्यांना स्क्रीनवर दाखवली. मग जोड डब्यात गुंडाळून, डबा बंद करून ठाण्यावरच्या पोराला फोन केला की बघ आता. त्यानं झटका सोडला, थोडा वेळ काही बोलेना, मग म्हणाला, "२३.४ ला तर काहीच दिसंना, सरळ रेघ हाय."